जय, वीरू आणि काऊबॉयचं मौन

या मालिकेत आपण बहुतेक वेळा लढायांबद्दल बोलतो. आजच्या भागात लढाई नाही, सिनेमा आहे. पण विषय माझ्या पेशापासून फार लांबचा नाही. विषय आहे मर्दानगी. मर्द कोणाला म्हणायचं, हे कोण ठरवतं, आणि एका पुरुषाचं दुसऱ्या पुरुषावर प्रेम असेल तर ते या व्याख्येत कुठे बसतं? या प्रश्नाचा इतिहास ज्या सिनेमाने सगळ्यात जास्त लपवला आणि सगळ्यात जास्त दाखवलाही, तो म्हणजे वेस्टर्न. घोडे, पिस्तुलं, धुळीचे रस्ते आणि कमी बोलणारे पुरुष.

विषय जाहीर केला तेव्हा सेंट्रल पार्कमध्ये सकाळी माझ्याबरोबर फिरणारे एक निवृत्त ब्रिगेडियरसाहेब म्हणाले, ‘कर्नलसाब, ये अपना सब्जेक्ट नहीं है.’ मी म्हटलं, सर, आपण दोघांनी मिळून साठ-पासष्ट वर्षं फक्त पुरुषांच्या सोबतीत काढली. हा आपला विषय नाही, तर कुणाचा? ते हसले, पण उत्तर त्यांनी दिलं नाही.

सुरुवात घराजवळून करू. मी जयपूरला सी-स्कीममध्ये राहतो. परकोटाबाहेर शहर वाढलं तेव्हा आखलेली ही वस्ती. इथेच पाँच बत्तीजवळ भगवानदास रोडवर राजमंदिर सिनेमागृह आहे. जयपूरला येणारा प्रत्येक पाहुणा हवामहलनंतर ते बघायला जातो. पण ही वास्तू एका मराठी माणसाने कल्पिली, हे आपल्यापैकी फार थोड्यांना ठाऊक असतं. वास्तुविशारद वामन मोरेश्वर नामजोशी. मुंबईचं मराठा मंदिर त्यांचंच. १ जून १९७६ रोजी राजमंदिर उघडलं आणि पहिला चित्रपट लागला ‘चरस’. नायक धर्मेंद्र. म्हणजे दहा महिन्यांपूर्वी, १५ ऑगस्ट १९७५ रोजी, ‘शोले’मधून जो वीरू देशाच्या घराघरांत पोहोचला होता, त्याच्याच तोंडावर या पडद्याने पहिला उजेड पाडला.

‘शोले’ला समीक्षक गमतीने ‘करी वेस्टर्न’ म्हणतात. इटलीत बनलेल्या वेस्टर्नना ‘स्पगेटी वेस्टर्न’ म्हणायचे, त्यावरून हे नाव आलं. दिग्दर्शक रमेश सिप्पी, लेखक सलीम-जावेद. आगगाडीवरचा हल्ला, ओसाड खडक, दरोडेखोरांची टोळी, भाड्याने आणलेले दोन शूर भुरटे: हा सगळा साचा अमेरिकेतून इटलीमार्गे आणि कुरोसावाच्या ‘सेव्हन सामुराई’मार्गे आपल्याकडे आला. बंगळूरजवळच्या रामनगरच्या टेकड्या आपल्या टेक्सास झाल्या. पण साचा आयात केला तरी त्यात ओतलेला माल मात्र आपला होता. तो कोणता, हे समजायला आधी मूळ काऊबॉयकडे गेलं पाहिजे.

खरा काऊबॉय म्हणजे गुराखी. अमेरिकेचं यादवी युद्ध १८६५ मध्ये संपलं. टेक्सासमध्ये गुरं अमाप होती, आणि मांसाला भाव होता उत्तरेच्या शहरांत. मग हजारो गुरांचे कळप शेकडो मैल हाकत कॅन्ससच्या रेल्वे स्टेशनांपर्यंत न्यायचे, असा धंदा सुरू झाला. तो जेमतेम वीस वर्षं चालला. पुढे रेल्वेचं जाळं पसरलं, काटेरी तारांची कुंपणं आली आणि तो संपला. हे गुराखी तरुण, गरीब आणि कमी पगाराचे. इतिहासकारांच्या अंदाजाने त्यांतला साधारण चारातला एक कृष्णवर्णीय होता आणि मेक्सिकन गुराखीही बरेच होते. पडद्यावर हे लोक जवळजवळ दिसलेच नाहीत. महिनोन्‌महिने ही मंडळी एकत्र राहायची, एकत्र जेवायची, थंडीत एका कांबळ्याखाली झोपायची. आसपास बाई नाही, पोलीस नाही, पाद्री नाही.

अशा ठिकाणी काय घडत असेल? अमेरिकन संशोधक आल्फ्रेड किन्सी यांनी १९४८ साली पुरुषांच्या लैंगिक वर्तनावरचा आपला गाजलेला अभ्यास प्रसिद्ध केला. दुर्गम भागातल्या गुराख्यांमध्ये, लाकूडतोड्यांमध्ये आणि खाणी शोधणाऱ्यांमध्ये पुरुषा-पुरुषांतले संबंध बऱ्यापैकी आढळतात आणि ही माणसं त्याचा फारसा बाऊ करत नाहीत, अशी नोंद त्यात आहे. कष्टाची, उघड्यावरची, धोक्याची कामं करणारी ही माणसं होती. म्हणजे ज्यांच्या नावावर मर्दानगीचा साचा पाडला गेला, तीच माणसं त्या साच्यात नीट बसत नव्हती.

साचा पाडला तो नंतर, आणि तोही दुसऱ्याच लोकांनी. बफेलो बिलने १८८३ मध्ये ‘वाइल्ड वेस्ट’चा फिरता खेळ सुरू केला, तेव्हा खऱ्या कळपांचा काळ संपत आला होता. १९०२ मध्ये आलेल्या ‘द व्हर्जिनियन’ या कादंबरीने अबोल, सभ्य आणि नेमबाज काऊबॉय वाचकांना दिला. तिचा लेखक ओवेन विस्टर हार्वर्डचा पदवीधर. १९०३ चा गाजलेला वेस्टर्न ‘द ग्रेट ट्रेन रॉबरी’ बराचसा चित्रित झाला न्यू जर्सीत, म्हणजे न्यूयॉर्कच्या शेजारी. पश्चिमेचा हा मर्द पूर्वेच्या शहरांत तयार झाला आणि तिकीट लावून विकला गेला.

याचं सगळ्यात मजेदार उदाहरण सिगारेटचं आहे. मार्लबोरो १९२० च्या दशकात बायकांची सौम्य सिगारेट म्हणून बाजारात आली. १९५० च्या दशकात फिल्टरच्या सिगारेटी पुरुषांच्या गळी उतरवायच्या होत्या, तेव्हा शिकागोच्या लिओ बर्नेट यांच्या जाहिरात कंपनीने तिच्या शेजारी काऊबॉय उभा केला. शेजारी घोडा आला आणि सिगारेट मर्दानी झाली. मर्दानगी ही जन्मजात गोष्ट आहे असं म्हणणाऱ्यांनी या पाकिटाचा थोडा विचार करावा.

आता सिनेमाच्या आतली गोष्ट. हॉलिवूडने १९३० मध्ये स्वतःसाठी एक आचारसंहिता लिहिली. ती हेज कोड या नावाने ओळखली जाते. १९३४ पासून ती कडकपणे लागू झाली आणि १९६८ पर्यंत टिकली. समलिंगी प्रेमाचं नावही पडद्यावर घ्यायचं नाही, हा तिचा एक नियम. नाव घेता येत नाही म्हणून गोष्ट संपत नाही. ती आडोशाला जाते. वेस्टर्नमध्ये तो आडोसा होता पिस्तूल.

हॉवर्ड हॉक्स यांचा १९४८ चा ‘रेड रिव्हर’ बघा. जॉन वेन त्यात गुरांचा मालक आहे. त्याने वाढवलेला पोरगा मॅट, म्हणजे माँटगोमेरी क्लिफ्ट, आणि नव्याने आलेला नेमबाज चेरी. दोघं एकमेकांची पिस्तुलं मागून घेतात, हातात तोलतात, तारीफ करतात आणि मग एक डबा हवेत उडवत आळीपाळीने नेम धरतात. प्रसंग दोन मिनिटांचा. सेन्सॉरला कापण्यासारखं त्यात काहीच नव्हतं. पण दोन तरुणांमधली ती ओढ, ते हसू, ती नजर बघताना प्रेक्षकाला कळतं की इथे नुसती हत्यारांची चर्चा चाललेली नाही. आणि स्वतः क्लिफ्ट? त्यांना पुरुषांविषयीही ओढ होती, आणि हे त्यांना आयुष्यभर स्टुडिओच्या आणि वर्तमानपत्रांच्या नजरेपासून झाकून ठेवावं लागलं. कोट्यवधी पुरुष ज्यांच्याकडे बघून मर्दासारखं चालायला शिकले, त्यांतला एक जण स्वतः पडद्याआड जगत होता.

पुढे एडवर्ड दमिट्रिक यांचा ‘वॉरलॉक’ आला, १९५९ मध्ये. त्यात हेन्री फोंडाच्या बंदूकबाजावर अँथनी क्विनचं पात्र इतकी निष्ठा ठेवतं, की मित्राच्या आयुष्यात बाई आल्यावर त्याचा तोल जातो. १९६९ चा ‘बुच कॅसिडी अँड द सनडान्स किड’ तर दोन पुरुषांच्या सोबतीचीच गोष्ट. या सगळ्यांत एक नियम दिसतो. दोन पुरुषांना एकमेकांसाठी मरता येतं, पण ‘तुझ्याशिवाय करमत नाही’ असं म्हणता येत नाही. गोळी लागल्यावर मिठी मारता येते. गोळी न लागता मारली तर संशय येतो.

याच नियमाला धक्का दिला ‘ब्रोकबॅक माउंटन’ने. ॲनी प्रू यांची मूळ कथा १९९७ मध्ये ‘न्यूयॉर्कर’ साप्ताहिकात आली. वायोमिंगच्या डोंगरात १९६३ च्या उन्हाळ्यात मेंढ्या राखायला गेलेले दोन तरुण आणि पुढची वीस वर्षं. कथा छापून आली त्याच्या पुढच्याच वर्षी, ऑक्टोबर १९९८ मध्ये, त्याच वायोमिंगच्या लॅरमी गावाजवळ मॅथ्यू शेपर्ड या एकवीस वर्षांच्या समलिंगी विद्यार्थ्याला बेदम मारून कुंपणाला बांधून ठेवलं गेलं. काही दिवसांनी तो इस्पितळात मेला. मर्दानगीचा साचा ही निव्वळ सिनेमातली गंमत नाही, हे ज्यांना पटत नाही त्यांनी हे कुंपण आठवावं. ॲंग ली यांनी त्या कथेवर २००५ मध्ये चित्रपट केला आणि त्यांना दिग्दर्शनाचं ऑस्कर मिळालं. त्यात मला सर्वांत खरं वाटतं ते एनिस या पात्राचं न बोलणं. जॉन वेनचा अबोलपणा ही ताकद म्हणून विकली गेली होती. इथे तोच अबोलपणा माणसाला आतून पोखरताना दिसतो. एनिसच्या बायकोचंही आयुष्य त्यात भरडलं जातं. साच्याची किंमत घरातले सगळे मोजतात.

आता परत रामगढला येऊ. ‘शोले’ने साचा घेतला, पण मौन घेतलं नाही. आपले दोन भुरटे चक्क गाणं म्हणतात. साइडकारच्या मोटारसायकलवर, एकमेकांच्या खांद्यावर बसून, मन्ना डे आणि किशोर कुमार यांच्या आवाजात दोस्तीच्या आणाभाका घेतात. जॉन वेनला हे जमलं नसतं. याचं कारण आपल्या समाजात आहे. आपल्याकडे दोन पुरुष गळ्यात हात टाकून बाजारातून चालतात, एका खाटेवर झोपतात, मित्र गेला तर छाती पिटून रडतात, आणि कुणाला त्यात वावगं वाटत नाही. १९६४ च्या ‘दोस्ती’त तर प्रेमकथाच नाही, दोन मुलांची मैत्री हाच सगळा चित्रपट. ‘नमक हराम’, ‘याराना’ ही नावं मी तुम्हाला सांगायला नकोत.

जय आणि वीरू प्रेमी होते असं मी म्हणत नाही. लेखकांच्या मनात तसं नव्हतं, आणि एकाला बसंती, दुसऱ्याला राधा आहे. पण चित्रपट नीट बघा. जय मावशीकडे वीरूसाठी मागणी घालायला जातो आणि मित्राची अशी काही तारीफ करतो की लग्न मोडायचीच वेळ येते. आपण पोट धरून हसतो. हसता हसता हेही दिसतं की मित्राला घर मिळालं तर जयला आपला मित्र थोडा गमवावा लागणार आहे. आणि मग ते नाणं. सगळा चित्रपटभर जय नाणं उडवून निर्णय घेतो. पुलाजवळ कुणी थांबायचं आणि दारूगोळा आणायला कुणी जायचं, हेही नाणंच ठरवतं. वीरू जातो, जय थांबतो आणि मरतो. नंतर वीरूला कळतं की नाण्याच्या दोन्ही बाजू सारख्याच होत्या. याला आपण त्याग म्हणतो. प्रेम म्हटलं तर बिघडतं का?

पुण्यात इंग्रजीचे प्राध्यापक असलेले आर. राज राव यांनी २००० साली एका निबंधात नेमकं यावर लिहिलं. अमिताभ बच्चनच्या काळातले दोस्तीपट आणि ते बघायला येणारी खच्चून भरलेली, बहुतांश पुरुषांची गर्दी यांत पुरुषा-पुरुषांतल्या ओढीला एक आडोसा मिळत होता, असं त्यांचं म्हणणं. ज्याला आपल्या मनातलं घरी सांगता येत नव्हतं, त्याला अंधारात तीन तास तरी ते पडद्यावर दिसत होतं.

आमच्या युनिटमध्येही ‘शोले’ दाखवला जायचा. वाळवंटातली छावणी, दोन खांबांना ताणलेली पांढरी चादर, सोळा एमएमचा प्रोजेक्टर. गब्बरचे संवाद जवान त्याच्या आधी म्हणायचे. पण जय मरताना चारशे माणसांत एक खोकला ऐकू यायचा नाही. फौजेत ‘बडी’ नावाची पद्धत आहे. प्रत्येक जवानाला एक जोडीदार. खंदकात, गस्तीवर, आजारपणात तो तुमचा आणि तुम्ही त्याचे. लष्कर माणूस देशासाठी भरती करतं, पण गोळ्या सुटल्यावर माणूस लढतो तो शेजारच्या माणसासाठी. त्या चादरीसमोर बसलेल्या प्रत्येकाला नाण्याचा अर्थ कळत होता.

आता ब्रिगेडियरसाहेबांचा मुद्दा. सैन्यात अशा प्रेमाने शिस्त बिघडते, असं म्हणतात. लष्करी इतिहासाचा विद्यार्थी म्हणून मला थीब्ज आठवतं. ग्रीसमधल्या या नगरराज्याची तीनशे निवडक सैनिकांची तुकडी होती. प्लुटार्क सांगतो की ती दीडशे प्रेमी जोड्यांची होती, कारण ज्याच्यावर जीव आहे त्याच्या डोळ्यांदेखत कुणी पळत नाही. इसवी सनपूर्व ३७१ मध्ये ल्यूक्ट्रा इथे अजिंक्य मानल्या गेलेल्या स्पार्टाचा पाडाव झाला, त्यात हीच तुकडी आघाडीला होती. ३३८ मध्ये कायरोनिया इथे मॅसिडोनियाच्या फिलिपसमोर ती जागेवर उभी राहून कापली गेली. हा दाखला आजच्या सैन्याला जसाच्या तसा लागू होतो असं मी म्हणत नाही. पण ‘असे लोक लढू शकत नाहीत’ हे वाक्य मात्र इतिहासात टिकत नाही.

आपल्याकडचा कायदा आला इंग्रजांकडून. १८६० च्या दंडसंहितेतलं कलम ३७७. सर्वोच्च न्यायालयाने ६ सप्टेंबर २०१८ रोजी प्रौढांच्या संमतीच्या संबंधांना त्यातून मुक्त केलं. पण १९५० च्या लष्कर कायद्यात कलम ४६ आहे. त्यात ‘अनैसर्गिक’ प्रकारच्या लज्जास्पद वर्तनाला सात वर्षांपर्यंत कैद आहे. जानेवारी २०१९ मध्ये तेव्हाचे लष्करप्रमुख जनरल बिपिन रावत यांनी पत्रकारांना स्पष्ट सांगितलं की सैन्यात हे चालणार नाही. २०२२ मध्ये दिग्दर्शक ओनीर यांनी नोकरी सोडलेल्या एका समलिंगी मेजरच्या आयुष्यावरून सुचलेली पटकथा संरक्षण मंत्रालयाकडे पाठवली, तर परवानगी मिळाली नाही. ज्या ब्रिटनने आपल्याला हे कलम दिलं, त्याने आपल्या सैन्यातली बंदी जानेवारी २००० मध्येच उठवली. अमेरिकेने सप्टेंबर २०११ मध्ये. त्यांची सैन्यं त्यामुळे मोडून पडलेली नाहीत.

माझं मत विचाराल तर सांगतो. शिस्त वर्तनाची असते. वरिष्ठाने कनिष्ठाचा गैरफायदा घेतला, तर तो पुरुषाने पुरुषाचा घेतला की बाईचा, शिक्षा सारखीच हवी. पण चांगल्या सैनिकाला केवळ तो कोण आहे म्हणून घाबरून जगायला लावणं हा शिस्तीचा भाग नाही. घाबरलेल्या माणसाला कुणीही धमकावू शकतं, आणि कुणीही धमकावू शकेल असा माणूस खंदकात कुणाला नको असतो. हा हिशोब भावनेचा नाही, सुरक्षेचा आहे.

हा सगळा पश्चिमेचा वारा आहे असं कुणाला वाटत असेल, तर राजस्थानची गोष्ट ऐका. जोधपूर जिल्ह्यातल्या बोरुंदा गावचे विजयदान देथा, लोक त्यांना बिज्जी म्हणत. लोककथांच्या धाग्यांतून त्यांनी विणलेली ‘दोहरी ज़िंदगी’ ही कथा आहे. हुंड्याच्या लोभाने एक बाप मुलीला मुलगा म्हणून वाढवतो आणि तिचं लग्न दुसऱ्या मुलीशी लावून देतो. खरं कळल्यावरही दोघी एकमेकींना सोडत नाहीत. भुतं त्यांना आसरा देतात. मग त्यांतली एक वर मागून पुरुष होते आणि पुरुष होताच तिच्यात मालकी येते, हुकूम येतो. सुख जातं. शेवटी ती पुन्हा बाई होते. मर्दानगीवरचं याहून नेमकं भाष्य मला हॉलिवूडमध्ये सापडलेलं नाही.

आणि आपली मराठी? विजय तेंडुलकरांनी १९८१ मध्येच ‘मित्राची गोष्ट’ रंगमंचावर आणली होती. आनंद यादवांच्या कादंबरीवरचा ‘नटरंग’ २०१० मध्ये आला. कुस्तीचं शरीर कमावलेला गुणा कलेपायी नाच्या होतो आणि गाव त्याच्या अंगावर येतं. रांगडेपणाचा अभिमान बाळगणारा समाज कंबर लचकवणाऱ्या पुरुषाला काय वागणूक देतो, ते आपण तिथे पाहिलं. आणि २०२५ मध्ये रोहन परशुराम कानवडे यांच्या ‘साबर बोंडं’ या मराठी चित्रपटाला अमेरिकेत सनडान्स महोत्सवात जागतिक विभागातला सर्वोच्च ज्यूरी पुरस्कार मिळाला. योगायोग बघा, त्या महोत्सवाचं नावच ‘सनडान्स किड’वरून आलेलं आहे. वडील वारल्यावर दहा दिवसांच्या सुतकासाठी मुंबईहून गावी आलेला आनंद आणि त्याचा लहानपणीचा मित्र बाळ्या. पिस्तुलं नाहीत, दरोडेखोर नाहीत. रान आहे, भाऊबंद आहेत, ‘लग्न कधी?’ हा प्रश्न आहे आणि सगळं जाणून असलेली आई आहे. मरण इथेही आहे, पण ते सुरुवातीलाच येतं आणि ते वडिलांचं असतं. प्रेम सिद्ध करायला दोघांतल्या एकाला गोळी खावी लागत नाही.

वेस्टर्नने शंभर वर्षं पुरुषांना शिकवलं की बोलू नका, सहन करा, आणि फारच झालं तर मरा. ‘शोले’ने आपल्याला निदान गायला शिकवलं. दोन मराठी पुरुष आता रानात बसून साध्या बोलीत एकमेकांशी बोलतात. मला यात मर्दानगीची हार दिसत नाही. पुढच्या वेळी ‘शोले’ लागला की नाण्याकडे नीट लक्ष द्या. जयने ते आयुष्यभर खिशात ठेवलं आणि दोन्ही बाजू एकच आहेत, हे जिवंतपणी कुणालाही सांगितलं नाही. तुमच्या ओळखीत, तुमच्या घरात, कदाचित तुमच्या पलटणीतही असं नाणं खिशात घेऊन फिरणारा कुणीतरी असेल. तो बोलायला आला, तर त्याचं ऐकून घ्या. पुढच्या भागात पुन्हा किल्ल्यांकडे वळू. जय हिंद.